हेरंबचं वादळ

दिसलं: माझा नवरा. एका हातात रेडिओचा माइक, दुसऱ्या हातात चकली. काचेबाहेर कॅन्ससचं आभाळ शेवाळासारखं हिरवट झालेलं. आणि हा जिभेने दाढेत अडकलेला तुकडा काढत होता, कारण माइकवर आवाज स्वच्छ गेला पाहिजे.

वाटलं: हा मी निवडलेला माणूस आहे.

"हेरंब, खाऊन घे आधी."

"थांब गं. वॉल्ट कधीही विचारेल."

"मग ठेव खाली. त्याला कुरकुर ऐकू जाईल."

"बटण दाबल्याशिवाय काही जात नाही. इतकं तरी शिकलीस की नाही त्या क्लासमध्ये?"

दिसलं आणि वाटलं ही फोड माझी नाही. ती त्या क्लासमधलीच. वादळ बघून कळवणाऱ्या स्वयंसेवकांचा क्लास, एका संध्याकाळचा, अग्निशमन केंद्रात. बंब बाहेर काढून आत खुर्च्या मांडल्या होत्या. शिकवणारा हवामान खात्यातला एक टकला माणूस. तो म्हणाला, रडार लांबून आणि वरून बघतं. ढगाच्या पोटात काय चाललंय ते त्याला कळतं, पण ढगाच्या पायाशी काय चाललंय ते दिसत नाही. त्यासाठी रस्त्यावर उभी राहिलेली माणसं लागतात. आणि त्या माणसांनी फक्त दिसलं ते सांगायचं. "वाटलं ते घरी जाऊन बायकोला सांगा," असं तो म्हणाला आणि सगळे हसले. सगळ्यांत मोठ्याने हेरंब हसला. मी शेजारीच बसले होते.

क्लास संपल्यावर कागदाचं एक प्रमाणपत्र मिळालं. मला एक, त्याला एक. माझं कुठे गेलं माहीत नाही. त्याचं फ्रेममध्ये गेलं. नंतर गाडीच्या दाराला चिकटवायची पाटी आली, टपावरचा पिवळा दिवा आला, सोळा खिशांचं जाकीट आलं. मग मराठी मंडळात 'वादळाशी मैत्री' या विषयावर व्याख्यान. ऐकायला आलेले निम्मे लोक बटाटेवड्यासाठी होते, पण हेरंब घरी येताना गाडीत म्हणाला, "लोकांना भूक आहे गं या विषयाची."

खरोखर भूकच होती.

त्याने रेडिओच्या परवान्याची परीक्षाही दिली. मी दिली नाही. जोडीने जायचं असतं या कामाला, एकाने गाडी चालवायची आणि एकाने बघायचं, म्हणजे बघणाऱ्याची नजर रस्त्यावर आणि चालवणाऱ्याची ढगावर जात नाही. मी चालवायची. रेडिओचा नियम असा की गाडीतून कुणीही बोललं तरी कॉल साइन, म्हणजे त्या स्टेशनाचं नाव, परवाना असलेल्याचंच सांगायचं आणि तो शेजारी बसलेला पाहिजे. हेरंबला हा नियम फार आवडायचा. पाहुण्यांनाही सांगायचा. "म्हणजे वैजू बोलली तरी रेडिओच्या लेखी मीच बोललो!" पाहुणे हसायचे. मी सरबत आणायला जायची.

तो मे महिन्यातला पहिला शनिवार होता. बेलफर नावाच्या गावातल्या शाळेचा जिमचा हॉल मंडळाने महाराष्ट्र दिनासाठी घेतला होता. आमची जुई नऊ वर्षांची, कोळी नृत्यात मागच्या ओळीत. हिरवं लुगडं, केसात प्लास्टिकचा गजरा, गालाला इतकी लाली की ताप आल्यासारखी दिसत होती. हवामान खात्याने दुपारीच सगळ्या स्वयंसेवकांना तयार राहायला सांगितलं होतं. जुईला तिथे सोडून आम्ही गावाच्या नैर्ऋत्येला, शेतांमधल्या मातीच्या रस्त्यावर जायचं ठरलं.

म्हणजे मी ठरवलं. हेरंब ते जाकीट घालून आधी स्टेजवर गेला.

"मित्रहो," तो तिथे म्हणाला, "तुम्ही इथे निर्धास्त कार्यक्रमाचा आनंद घ्या. मी तुमच्यासाठी बाहेर उभा आहे."

टाळ्या पडल्या. मंडळाचे अध्यक्ष टिपणीस यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. टिपणीस हे एका औषधाच्या कारखान्यात वरच्या जागेवर होते आणि कुणाच्याही खांद्यावर हात ठेवण्याची त्यांची एक खास पद्धत होती. हात जड टाकायचे. माणूस थोडा खाली गेला की सोडायचे.

"या, कॅप्टन," टिपणीस म्हणाले. "काही आलं तर आम्हाला सांगा. पण पाहुण्यांचं भाषण झाल्यावर आलं तर बरं."

पुन्हा टाळ्या.

तर मातीचा रस्ता. चकली. वॉल्ट.

वॉल्ट हा काउंटीच्या कचेरीच्या तळघरात बसून सगळ्या गाड्यांचे निरोप घ्यायचा आणि हवामान खात्याला कळवायचा. आम्ही त्याला कधी पाहिलं नव्हतं. आवाज म्हाताऱ्या, न चिडणाऱ्या माणसाचा.

वादळ आमच्या पश्चिमेला होतं आणि ईशान्येकडे सरकत होतं. बेलफर आमच्या ईशान्येला. म्हणजे वादळ आमच्या डाव्या हाताने पुढे जाणार आणि मग गाव. ढगाचा तळ काळा, सपाट, टेबलासारखा. त्याच्या मागे पावसाचा पडदा. आणि पडद्याच्या पुढे तळापासून एक काळपट बोट खाली लोंबत होतं.

"वैजू! वैजू, तो बघ!"

"बघतेय."

"टोर्नेडो!"

"फिरतोय का?"

"अगं, दिसतोय ना!"

"लोंबतोय. फिरतोय का ते बघू. त्या विजेच्या खांबाच्या रेषेत धर आणि मिनिटभर—"

त्याने बटण दाबलं होतं. माइकवर हेरंबचा आवाज बदलायचा. पोटातून यायचा, आणि मुलुंडचा माणूस एकाएकी टेक्सासचा व्हायचा. टोर्नेडो जमिनीवर, असं तो म्हणाला. मोठा आहे, असं म्हणाला. बेलफरच्या दिशेने, असं म्हणाला. आणि जागा विचारली तेव्हा त्याने आम्ही उभे होतो तो चौक सांगितला.

"हेरंब, तू आपली जागा सांगितलीस. त्याची सांग."

"जवळच आहे ना."

"त्या हिशेबाने आत्ता टोर्नेडो आपल्या गाडीत आहे."

"गप्प बस जरा. वॉल्ट बोलतोय."

लांबून भोंगा ऐकू आला, बेलफरचा, सगळ्यांनी आडोशाला जा असं सांगणारा. वाऱ्यावर कमी-जास्त होत. हेरंबने डोळे मिटले. कुणी आपलं गाणं रेडिओवर लागल्यावर मिटेल तसे.

ते बोट आम्ही बघत होतो. बोट रुंद झालं. मग त्याची दोन झाली. मग ती चिंध्यांसारखी विरली आणि वर जाऊन ढगात मिसळली. एकदाही फिरलं नाही. पावसाच्या गारव्याने वर उचलले गेलेले ढगांचे फाटके तुकडे असतात ते, स्कड म्हणतात त्यांना. क्लासमध्ये त्याचे फोटो दाखवले होते. "नव्वद टक्के खोट्या निरोपांचा बाप हा," असं तो टकला म्हणाला होता. हेरंब तेव्हा डोनट आणायला उठला होता.

दक्षिणेला उभ्या असलेल्या दुसऱ्या एका गाडीतून निरोप आला. त्या बाईचा आवाज कोरडा होता. आमच्याकडून पाहिलं, स्कड आहे, फिरत नाही, जमिनीवर काही नाही. वॉल्ट म्हणाला, ठीक आहे, धन्यवाद, दोन्ही स्टेशनांना धन्यवाद. एवढंच. 'दोन्ही' हा शब्द त्याने सभ्यपणाने घातला होता आणि नेमका तोच हेरंबला लागला.

"तिला तिकडून काय दिसणार," तो म्हणाला.

मला वाटतं, त्या दिवशी मी न बोललेली वाक्यं एकापुढे एक ठेवली तर मुलुंडपर्यंत पोहोचतील.

थोड्या वेळाने फोन. टिपणीस. हेरंबने स्पीकरवर टाकला, कारण त्याला वाटलं आभार मानायला आहे.

"काय कॅप्टन! कुठंय तुमचं वादळ?"

"सर, ते जरा... वर गेलं."

"वर गेलं? बोलावलं कोणी वर?" मागे लोक हसले. "अहो, इथे पाहुण्यांना बायकांच्या बाथरूमबाहेर जमिनीवर बसवलं मी. पांढऱ्या सुटात! मुलं कॉरिडॉरमध्ये भेंड्या खेळतायत, समोसे इथेच उघडले. झकास सहल झाली. आता आत जाऊ का, की अजून काही आहे तुमचं?"

"जा सर. जा. आता काही नाही."

"नक्की? नाहीतर भाषणात मध्येच परत वादळ येतं म्हणाल."

"नाही सर."

फोन ठेवल्यावर हेरंबने चकलीची पिशवी बांधली. गाठ मारली. मग दुसरी गाठ मारली.

दिसलं: पहिलं वादळ ढेपाळलं तसं त्याच्या पूर्वेच्या खांद्यावर ढगाचा तळ पुन्हा खाली उतरला. एक जाड तुकडा, भिंतीसारखा, आमच्या वायव्येला. आणि हा फिरत होता. हळू, जात्यासारखा. दक्षिणेकडच्या त्या बाईच्या आणि त्याच्या मध्ये आता पाऊस आला होता. तिला तो दिसणं शक्य नव्हतं. आम्हालाच दिसत होता.

भिंतीतून सोंड निघाली. अर्ध्यावर येऊन थांबली.

"हेरंब."

"पाहिलं."

"सांग."

"थांब. टेकलेली नाहीये."

"खाली बघ. सोंडेच्या खाली, जमिनीवर."

जमिनीवर धूळ होती. सोंड आणि धूळ यांच्यामध्ये रिकामं आकाश, पलीकडचं शेत दिसत होतं. हीच गोष्ट त्या क्लासमध्ये दोनदा सांगितली होती. सोंड दिसते ती नुसती वाफ. वारा त्याच्या आधी खाली पोहोचलेला असतो. सोंड टेकण्याची वाट बघू नका, धुळीकडे बघा.

"नांगरलेलं शेत आहे," हेरंब म्हणाला. "धूळ उडणारच."

"गोल उडते?"

"खात्री करून सांगायचं असतं, वैजू. तूच मघाशी म्हणालीस, मिनिटभर बघ."

"मिनिट झालं."

"अजून बघू."

रेडिओ बोलला. वॉल्टने आमच्या स्टेशनाचं नाव घेतलं. हवामान खातं विचारतंय, त्यांना रडारवर तुमच्या वायव्येला काहीतरी फिरताना दिसतंय. तुम्हाला तिथून काय दिसतं?

हेरंबने माइक तोंडाजवळ नेला. बटण दाबलं. मी वाट बघत होते, टेक्सासच्या आवाजाची. आला तो मुलुंडचाच, बारीक.

"निरीक्षण चालू आहे," तो म्हणाला आणि बटण सोडलं.

"हे काय सांगितलंस?"

"बरोबर सांगितलं."

"जुई तिथे आहे, हेरंब."

"मला माहीत आहे जुई तिथे आहे!" मग त्याने आवाज खाली आणला, जणू गाडीत अजून कुणी होतं. "आणि टिपणीसही तिथे आहे."

मी त्याच्याकडे बघितलं.

"तू ऐकलं नाहीस का तो कसा बोलला," तो म्हणाला. "सगळ्यांसमोर. परत तसं निघालं तर जन्मभर सोडणार नाही मला तो. गणपतीत बोलेल, दिवाळीत बोलेल. तुला काय, तुझं नाव थोडंच आहे कुठे."

वाटलं ते इथे लिहीत नाही. छापण्यासारखं नाही.

मी माइक घेतला. त्याने सोडला नाही. आमच्या मध्ये त्या माइकची वेटोळ्यांची वायर ताणली गेली आणि दोन मोठी माणसं, एक इंजिनीअर आणि एक हॉस्पिटलच्या प्रयोगशाळेतली, एका खेळण्यासाठी भांडणाऱ्या पोरांसारखी ओढाओढ करत होती, समोर सोंड लांब होत होती, आणि हेरंब म्हणाला,

"कॉल साइन माझी आहे!"

"तीच सांगणार आहे. सोड."

"वैजू, परवाना माझा—"

मी त्याच्या मनगटाला चावले. वाईट नाही चावले. पण चावले. त्याने हात काढला.

बटण. हेरंबची कॉल साइन. मग: टोर्नेडो जमिनीवर. आम्ही मघाच्याच चौकात आहोत, टोर्नेडो आमच्यापासून वायव्येला, धान्याच्या उंच सायलोच्या अलीकडे. ईशान्येकडे, बेलफरकडे जातोय. सोंड टेकलेली नाही, पण खाली धूळ गोल फिरते आहे, डावीकडून उजवीकडे.

वॉल्टने मला कधी ऐकलं नव्हतं.

"मॅडम," तो म्हणाला, "हे मघाच्यासारखं आहे का?"

त्याच वेळी सोंडेखाली निळ्या-हिरव्या ठिणग्या उडाल्या, एकामागून एक, ओळीने. विजेच्या तारा.

"नाही," मी म्हणाले. "तारा तुटतायत. आत्ता. ठिणग्या दिसतायत."

"कळवतो," वॉल्ट म्हणाला. "तुम्ही तिथून निघा."

मी गाडी सुरू केली. जुईकडे जाणारा सरळ रस्ता उत्तरेला होता आणि वादळ तो रस्ता पुढे कुठेतरी ओलांडणार होतं. त्यावर गेलो असतो तर त्याच्या तोंडात गेलो असतो. मी पूर्वेला वळले. मुलीपासून लांब. तसंच करायचं असतं. स्टिअरिंग त्या बाजूला वळवायला जो जोर लागला तो अजून माझ्या खांद्यात आहे.

"टिपणीसला फोन लाव," मी म्हणाले.

हेरंबने मनगट धरलं होतं. "भोंगा वाजेलच ना."

"लाव, नाहीतर दुसरं मनगट आहे."

लागला. स्पीकरवर.

"वहिनी? अरे वा, आज तुम्ही!"

"टिपणीस, सगळ्यांना पुन्हा कॉरिडॉरमध्ये न्या. लगेच. आला आहे, खरा आहे, तुमच्याकडेच येतोय."

"परत?" मागून माइकवर कुणाचा तरी भरदार आवाज येत होता. "अहो वहिनी, आत्ताच तर बसलोय. पाहुण्यांचं रंगात आलंय. 'यशाच्या अकरा पायऱ्या'. पाचवीवर आहेत."

"त्यांना उतरवा. जिमचं छप्पर पत्र्याचं आहे, टिपणीस. मोठं आहे, मध्ये खांब नाही. ते सगळ्यांत आधी जातं."

"कॅप्टन आहेत का शेजारी? त्यांचं काय मत आहे?"

मी हेरंबकडे बघितलं. त्याने खिडकीबाहेर बघितलं.

"त्यांचं निरीक्षण चालू आहे," मी म्हणाले.

टिपणीस हसले. खरंच हसले. आणि त्या हसण्याच्या मागे भोंगा सुरू झाला, आणि भोंग्याच्या मागे पोरांचा गलका. मला वाटलं, रडतायत. नीट ऐकलं. ओरडत होती. "हेरंबकाकाचं वादळ आलं! हेरंबकाकाचं वादळ आलं! चला, भेंड्या!" खुर्च्या सरकल्या, पाय धावले, एक बाई म्हणाली, "अरे थांबा, गजरा पडला," आणि मग बऱ्याच बायका आपापल्या पोरांची नावं घेत धावल्या. "अरे, भाषण—" असं टिपणीस म्हणाले आणि फोन कटला.

पुढचं मला जुईने सांगितलं. पोरांना पहिल्या वेळी कॉरिडॉर आवडला होता. समोसे, जमिनीवर बसणं, मोठी माणसं ओळीने गुडघे जवळ घेऊन बसलेली. भेंड्या 'ळ' वर अडून राहिल्या होत्या आणि त्यावर भांडण चाललं होतं. भोंगा वाजल्यावर ती सांगण्याआधीच पळाली. पोरांमागे आया गेल्या. आयांमागे बाप गेले, कारण रिकाम्या खुर्च्यांमध्ये एकटं बसून पाचवी पायरी ऐकणं त्यांनाही जमेना. शेवटी व्यासपीठावर पाहुणे आणि टिपणीस असे दोघेच उरले. लाइट गेले तेव्हा ते दोघेही आले. टिपणीस दारात होते तेव्हा मागे छप्पर उचललं गेलं.

रस्ता मोकळा झाल्यावर आम्ही पोहोचलो. जिमला छप्पर नव्हतं. एका बाजूची भिंत आत पडली होती आणि जिथे ती पडली होती तिथे खुर्च्यांच्या पहिल्या सहा-सात रांगा होत्या. कॉरिडॉर उभा होता. पार्किंगमध्ये लोक ब्लँकेटं पांघरून उभे होते, काही रडत, काही फोनला नेटवर्क शोधत. टिपणीसांच्या खांद्याचं हाड मोडलं होतं. ते एका गाडीच्या बॉनेटवर बसले होते आणि त्यांच्या खांद्यावर कुणीही हात ठेवू शकत नव्हतं. बाकी खरचटणं, काचा. मेलं कुणी नव्हतं.

जुई धावत आली. मला येऊन आदळली. लालीचे ओघळ गळ्यापर्यंत आले होते. मी तिला कशी धरली ते सांगत नाही. दिसलं नाही मला, डोळे मिटले होते.

उघडले तेव्हा हेरंबभोवती माणसं जमली होती.

पहिल्यांदा तो म्हणाला, "आम्ही कळवलं." एक बाई त्याच्या पाया पडली. खरंच वाकली ती पार्किंगमध्ये. मग कुणीतरी नवीन आलं आणि तो म्हणाला, "मी कळवलं." मग आणखी दोघे आले, त्यातल्या एकाने विचारलं की पहिल्या वेळी काय झालं होतं. मला वाटलं, आता अडकला. हेरंबने जाकिटाचा एक खिसा उघडला, बंद केला.

"त्याचं असं आहे," तो म्हणाला, आणि आवाज पोटातून यायला लागला. "पहिली वेळ म्हणजे तालीम. लोकांना सवय नसते. एकदा हलवून ठेवलं की दुसऱ्यांदा पटकन हलतात. तो पहिला निरोप मी मुद्दाम दिला. बघा ना, मुलं कशी धावली."

"काय डोकं आहे!" तो माणूस म्हणाला.

बॉनेटवरून टिपणीस म्हणाले, "कॅप्टन, माफ करा हो मला. मी तुमची चेष्टा केली."

"असू दे हो, सर. चेष्टा झाली नसती तर मुलांच्या लक्षात राहिलं नसतं."

म्हणजे चेष्टाही त्याच्या योजनेत बसली. मी तिथे उभी राहून ते बघत होते. माणूस घर बांधतो तसा तो एकेक वाक्य ठेवत होता, आणि ते पक्कं होत होतं. पुढे ते इतकं पक्कं झालं की मंडळाने त्याचा सत्कार केला, स्थानिक वर्तमानपत्राने फोटो छापला, आणि आज इतक्या वर्षांनी जुईच्या सासरी सगळ्यांना ते पाठ आहे. त्यात मी गाडी फार छान चालवते. मी घर का सोडलं हे मात्र त्या लोकांना कळत नाही. इतका चांगला माणूस, असं तिची सासू मला एकदा म्हणाली. मी म्हणाले, हो, फार लोकांना वाचवलं त्याने. तिने मान डोलावली.

पण ते नंतरचं. पार्किंगमध्ये जुईने माझा हात सोडला आणि त्या घोळक्यात शिरली. लुगड्याचा काठ चिखलातून ओढत. त्याचं जाकीट धरून तिने वर बघितलं.

"बाबा, तुला आधीच माहीत होतं खरं येणार आहे ते?"

हेरंबने माझ्याकडे बघितलं, डोक्यांवरून. त्याच्या मनगटावर माझ्या दातांचे लाल ठसे होते आणि त्याने तो हात खिशात घातला. मला वाटलं, आता सांगेल. अजून वेळ होता. नऊ वर्षांच्या मुलीला नुसतं "नाही गं, आईने सांगितलं" एवढं म्हणायचं होतं. मी त्याला त्यासाठी सगळं माफ केलं असतं. चकलीसकट.

"हो," तो म्हणाला. "बाबाला माहीत होतं."

जुईने त्याच्या पोटात डोकं खुपसलं. कुणीतरी टाळ्या वाजवल्या.

मी जाऊन तिला सोडवलं, उचललं. ती उचलण्याएवढी लहान राहिली नव्हती, तरी उचललं. गाडीत मागे बसवलं, पट्टा लावला. दाराला चिकटवलेली ती पाटी काढली आणि जमिनीवर ठेवली, हेरंबला सापडेल अशी. घोळक्यात आणखी माणसं आली होती आणि तो पुन्हा पहिल्यापासून सुरू झाला होता. हात आकाशाकडे, मग जमिनीकडे.

मी गाडी मागे घेतली.

"आई, बाबा नाही येत?"

"नाही," मी म्हणाले. "त्याचं अजून सांगून व्हायचंय."